मनकर्णाबाईंचा पालथा आरसा

चारठाण्याच्या पुढे, जिंतूर रस्त्यापासून जरा आत, पत्र्याचं एक लांबलचक गोदाम आहे. कधीकाळी त्यात कापूस ठेवत. आता दारावर निळ्या अक्षरांत 'बिंबविद्या अकादमी' अशी पाटी आहे आणि आत शिरताना चपला बाहेर काढाव्या लागतात. देवळासारखं पावित्र्य म्हणून नव्हे. आत जमिनीवर पाण्यानं भरलेल्या पराती मांडलेल्या असतात, आणि चपलांच्या पावलांनी पाणी हललं की त्यातली माणसं घाबरतात.

ही अकादमी सेलूच्या वीरुपाक्षप्पांनी काढली. त्यांचं भांड्यांचं दुकान होतं. स्टीलच्या डब्यांवर गिऱ्हाइकांची तोंडं दिसतात हे कुठल्याही भांडेवाल्याला ठाऊक असतं. गिऱ्हाईक निघून गेल्यावरही काही तोंडं तिथंच राहतात, हे मात्र वीरुपाक्षप्पांच्याच लक्षात आलं. "एक बाई घासाघीस करून गेली बघा," ते सांगतात, "बाई गेली, पर तिचं तोंड घागरीवर तसंच. भाव करायलेलं." दुसरा कुणी असता तर घागर विकून मोकळा झाला असता. पण रोज पहाटे तळहातावर इष्टलिंग घेऊन त्याच्या काळ्या तुकतुकीत अंगावरचा उजेडाचा ठिपका न्याहाळायची सवय त्यांना लहानपणापासून होती. ते बघत राहिले. मग दुकान मुलांच्या हवाली केलं, थोरली लेक त्रिवेणी हिला सोबतीला घेतलं आणि बिंबांचा अभ्यास सुरू केला.

आसपासच्या गावांना आता त्याचं नवल राहिलेलं नाही. रस्ता रुंद करताना तोडलेल्या लिंबाचं झाड पाहायचं असेल तर विहिरीला ते कसं विचारायचं, हे अकादमीत शिकवतात. बसच्या खिडकीत अडकलेलं आपलं रूप पुढच्या गावी कसं उतरवून घ्यायचं, हेही शिकवतात. पाथरीचा सिताराम न्हावी दर सोमवारी दुकान बंद ठेवून येतो, कारण त्याच्या दुकानातल्या आरशात वर्षानुवर्षांची गिऱ्हाइकं बसून आहेत आणि त्यांना घरी पाठवायची रीत त्याला शिकायची आहे. "नव्या माणसाला बसायला जागा न्हाई," तो म्हणतो.

मनकर्णाबाई या शाळेत आल्या त्या वयाची पन्नाशी उलटल्यावर. त्यांची अडचण सगळ्यांपेक्षा साधी होती. आरशात त्यांना तोंड नव्हतं.

म्हणजे साडी दिसायची, पदर दिसायचा, गळ्यातली पोत दिसायची. पदराच्या वर मात्र थेट मागची भिंत आणि भिंतीवरची खुंटी. पाण्यातही तसंच. फोटोत त्या नीट यायच्या, पण फोटोवाला आधी मान वाकडी करायला लावायचा आणि मग हसायला लावायचा; फोटोतली ती बाई त्यांना कधी आपली वाटलीच नाही. लग्न होऊन सासरी आल्यापासून हे असं होतं. पहिल्या दिवशी त्या रडल्या. दुसऱ्या दिवशी त्यांचे यजमान दिनकरराव आरशापुढे त्यांच्या मागे येऊन उभे राहिले. त्यांना स्वतःचं तोंड दिसलं आणि त्याच्यापुढे बायकोचा नुसता तोंड नसलेला पदर.

"आता कुंकू कसं लावू मी?" मनकर्णाबाईंनी विचारलं.

"हिकडं फीर," ते म्हणाले, आणि स्वतःच्या बोटानं लावून दिलं.

त्या दिवसापासून ते रोजचं काम झालं. सकाळी बैलांना पाणी दाखवून आले की ओला हात धोतराला पुसायचा आणि बायकोला कुंकू लावायचं. मनकर्णाबाई डोळे मिटून उभ्या राहायच्या.

"कशी दिसायलेय आज?"

"कालच्यावानीच."

"काल कशी दिसत हुते?"

"आता कामाला जाऊ देतीस का न्हाई?"

एखाद्या बाईच्या संसाराला एवढा आरसा पुरतो. मनकर्णाबाईंना तीसेक वर्षं पुरला. मग सेलूच्या बाजारात कापसाची गाडी काट्यावर लागलेली असताना दिनकरराव बसल्या जागी कलंडले आणि उठले नाहीत. त्याला आता सहा पावसाळे झाले. कपाळ मोकळं झालं, आणि आरशाची गरजही संपली असं मनकर्णाबाईंनी स्वतःला सांगून टाकलं. घरातला आरसा त्यांनी मुलाच्या खोलीत नेऊन लावला.

मुलगा राम. जिंतूरला त्याचं मोबाइल दुरुस्तीचं दुकान आहे. त्याचं लग्न पाथरीजवळच्या राजेश्रीशी ठरलं. राजेश्री औषधांच्या दुकानात काम करते, मोजकं बोलते आणि बोलली की समोरचा गप्प होतो. सगळं सुरळीत चाललेलं असताना बैठकीत सूनमुखाचा विषय निघाला.

लग्न लागल्यावर सासू नवरानवरीला दोन्ही अंगांना घेऊन बसते आणि सुनेचं तोंड पहिल्यांदा आरशात पाहते. त्या आरशात सासूचं आणि सुनेचं तोंड शेजारी शेजारी येतं. त्याला सूनमुख म्हणतात. मनकर्णाबाईंची धाकटी जाऊ कमलबाई सुपारी कातरता कातरता म्हणाली, "आक्का, सूनमुख मी बघंन. तुमचं तर आरशात दिसतच न्हाई. सुनेशेजारी खुंटी दिसायची."

बायका हसल्या. मनकर्णाबाईही हसल्या. पण त्या हसण्याखाली दुसरी गोष्ट होती, आणि ती तिथं बसलेल्या प्रत्येकीला माहीत होती. विधवेनं सूनमुख पाहायचं की नाही, हा खरा प्रश्न. तो तोंडावर कुणी विचारणार नव्हतं. तोंडच नाही ही सबब सगळ्यांच्या सोयीची होती.

रात्री जेवताना राम म्हणाला, "माय, सूनमुख तूच बघायचं. दुसऱ्या कुणी आरसा धरला तर मी उठून जाईन."

"उठून कुठं जाशील? नवरदेव हायस तू."

"मी बोललो ते बोललो."

"बरं. खा आता."

दुसऱ्या दिवशी मनकर्णाबाई जीपमध्ये बसून चारठाण्याला गेल्या.

त्रिवेणीताईंनी त्यांना आधी परातीत वाकून बघायला लावलं, मग पितळेत, मग काचेत. मग नुसतं विचारलं, "मावशी, तुमचं सूनमुख कुणी बघितलं होतं?"

"सासूबाईंनी. बायनाबाई त्यांचं नाव. आता न्हाईत त्या."

"बघून झाल्यावर आरसा तुमच्याकडे फिरवला होता का?"

मनकर्णाबाई आठवू लागल्या. वऱ्हाडाचा ट्रक निघायच्या घाईत होता. ड्रायव्हर सारखा भोंगा वाजवत होता. बायनाबाईंनी घाईघाईनं आरशात पाहिलं, सुनेच्या तोंडात साखर घातली, आरसा पालथा करून पेटीत टाकला आणि पेटीवर बसल्या.

"फिरवला न्हाई," मनकर्णाबाई म्हणाल्या.

वीरुपाक्षप्पांनी कोपऱ्यातून मान हलवली. "तुमचं तोंड सासूच्या आरशात गेलं ते परत घेतलंच न्हाई तुमी. लय जणींचं असं होतंय. पर बाकीच्या घरात तो आरसा भिंतीवर लटकतो, आज ना उद्या सून समोर येती, सुटतंय. तुमचा आरसा पालथा राहिला. कुठं हाय तो?"

तो कमलबाईच्या पेटीत होता. वाटणीत सासूची पेटी तिच्याकडे गेली होती. मनकर्णाबाईंनी मागितल्यावर कमलबाईनं तळाशी हात घालून जुन्या झंपरात गुंडाळलेला तो आरसा काढला, पण लगेच हातात दिला नाही.

"आक्का, ह्यात एक पोरगी हाय," ती म्हणाली.

"तुला कसं ठाऊक?"

"मी नवी नवरी हुते तवा एकदा बघितलं. मी बघायला गेले की तिचंच तोंड पुढं. नाकीडोळी इतकी नीटस, की मला माझाच राग आला. परत पालथा घालून ठेवला."

"कमल, ती मी हाय."

कमलबाईनं त्यांच्याकडे नीट पाहिलं, मग आरशाच्या पाठीकडे. "तुमी अशा हुता?" ती म्हणाली. "मला काय माहीत. मी आले तवा तुमी चुलीपुढं काळ्याठिक्कर."

अकादमीतल्या कोपऱ्यात, खिडकीपाशी, तो आरसा उताणा करून भिंतीला टेकवला गेला. मनकर्णाबाई समोर बसल्या. काचेत एक पोरगी होती. डोक्यावरून पदर, कपाळाला मुंडावळ्यांचा रेटा, डोळे रडून सुजलेले आणि तोंडात साखर. इतक्या वर्षांत ती साखर विरघळली नव्हती. तिनं मनकर्णाबाईंकडे पाहिलं आणि ओळख दाखवली नाही.

"ती रुसलेली नाही," त्रिवेणीताई म्हणाल्या. "तिला पुढचं काहीच माहीत नाही. तुम्ही सांगा. जसजसं कळेल तसतशी ती मोठी होईल. आजच्या दिवसापर्यंत आली की आरसा आरशासारखा वागायला लागेल. फक्त खोटं सांगू नका. काच धुरकट होते."

असे मनकर्णाबाईंचे दिवस सुरू झाले. सकाळची कामं उरकून त्या जीपनं यायच्या, आरशापुढे मांडी घालायच्या आणि पोरीला तिचं आयुष्य सांगायच्या. लग्नाची तारीख जवळ येत होती, त्यामुळे फुरसत नव्हती. पण सांगायला बसल्यावर त्यांना घाई करता येईना. पहिल्याच दिवशी त्या म्हणाल्या, "सासूबाई स्वभावानं लय चांगल्या हुत्या," आणि काच अशी धुरकटली की सिताराम न्हाव्यानं पंचा आणून पुसली.

"बरं," मनकर्णाबाई म्हणाल्या. "चांगल्या हुत्या, पर गुळाच्या डब्यावर बसायच्या. मी चोरून खायची."

काच स्वच्छ झाली. पोरीनं तोंडातली साखर गिळली.

मग त्यांनी तिला वेचणीचे दिवस सांगितले, कापसाच्या बोंडानं फाटलेली बोटं सांगितली, आणि संध्याकाळी ओटीत भरलेला कापूस कसा उबदार लागतो तेही सांगितलं. मारकी म्हैस सांगितली. दिनकररावांनी आणलेली जुनी लुना शिकताना आपण ती सरळ कडब्याच्या गंजीत घातली, आणि ते धावत आले ते लुनाकडे, आपल्याकडे नव्हे, हे सांगितलं. आरशातली बाई हसता हसता पंचविशीची झाली. राम झाला तेव्हा सेलूच्या दवाखान्यात लाइट गेलेली होती आणि डॉक्टरीणबाईंनी टॉर्च तोंडात धरली होती, हे ऐकून ती तिशीची झाली. तिच्या गालावर पहिली सुरकुती उमटली तेव्हा मनकर्णाबाईंनी स्वतःचा गाल चाचपला. ती तिथं होती. कधी आली होती, कोण जाणे. आपलं म्हातारपण आपल्या पाठीमागं येऊन बसतं आणि कुणी दाखवेपर्यंत काही बोलत नाही.

सिताराम आपला पाठ सोडून ऐकायला येऊन बसू लागला. वीरुपाक्षप्पांनीही खुर्ची ओढली. एक दिवस आरशातली बाई पंचेचाळिशीची, भरल्या अंगाची, कपाळावर ठसठशीत कुंकू असलेली अशी समोर आली, आणि मनकर्णाबाईंना काहीतरी खटकलं. त्यांनी मान पुढे केली.

कुंकू कपाळाच्या मध्यावर नव्हतं. एका भुवईकडे सरकलेलं होतं. चांगलं बोटभर.

त्यांनी पदर तोंडाला लावला. खांदे हलू लागले. त्रिवेणीताईंना वाटलं त्या रडताहेत, म्हणून त्या जवळ गेल्या. मनकर्णाबाई हसत होत्या.

"ह्या माणसानं," त्यांना श्वास घेता येईना, "ह्या माणसानं जन्मभर मला वाकडं कुंकू लावलं. आन म्हणायचा, सरळ हाय."

आरशातली बाईही पोट धरून हसत होती. सितारामनं व्यवसायाच्या नजरेनं पाहिलं आणि म्हणाला, "डावखुरे हुते का मालक?"

"व्हय की."

"मंग बरोबर हाय. डावऱ्या हाताचं वळण असंच पडतंय."

हसणं ओसरलं. पुढचं काय सांगायचं ते सगळ्यांना कळलं होतं. वीरुपाक्षप्पांनी घसा साफ केला.

"मनकर्णाबाई, हितंच थांबा," ते म्हणाले. "खरं सांगतो, थांबता येतंय. तोंड आलेलं हाय, वयही फारसं मागं न्हाई. आरशात कपाळाला कुंकू हाय. लग्नात बायका आरशात बघतील, सवाष्ण दिसल. कुणाच्या तोंडाला शब्द येणार न्हाई. तुमचं काम झालं."

मनकर्णाबाईंनी आरशातल्या बाईकडे पाहिलं. तिला काही ठाऊक नव्हतं. तिच्या घरी अजून कुणीतरी बैलांना पाणी दाखवून येणार होतं. ती सुखी होती, आणि आयुष्यभर तशीच ठेवता येत होती. नुसतं उठून जीप पकडायची होती.

त्या दिवशी त्या उठून गेल्या खऱ्या. घरी रामनं विचारलं, "झालं का माय?" त्या म्हणाल्या, "झाल्यासारखंच हाय." रामनं त्यांच्यापुढे ताट ठेवलं. तो आता बापासारखा घास मोठा घ्यायचा, आणि मधेच थांबून पाणी प्यायचा. आरशातल्या बाईनं हा राम पाहिला नव्हता. तिचा राम अजून शाळेत होता. अशा बाईला घेऊन लग्नात बसायचं, तर ती नवरदेवाला ओळखायची कशी?

दुसऱ्या दिवशी त्यांनी आरशापुढे मांडी घातली आणि सांगितलं. सेलूचा बाजार सांगितला, गाड्यांची रांग सांगितली, काट्यावर चढलेली गाडी आणि तिच्या चाकाला टेकून बसलेला माणूस सांगितला. काहीही बदलून सांगितलं नाही. काच स्वच्छ होती. आरशातल्या बाईनं पदर डोळ्यांना लावला आणि ती रडू लागली. मनकर्णाबाई तिला रडू देत बसल्या. त्या वेळी त्यांना स्वतःला इतकं रडायला कुणी दिलं नव्हतं. घरात पाहुणे होते.

मग पुढचे दिवस सांगितले. रामचं दुकान, राजेश्रीची बैठक, कमलबाईची सुपारी, चारठाण्याची जीप. सांगता सांगता आजचा दिवस आला. आरशातली बाई आता अगदी त्यांच्या वयाची होती, तेच पिकलेले केस, तीच हनुवटीखालची सैल कातडी. पण आरसा काही आरशासारखा वागेना. मनकर्णाबाईंनी हात उचलला, तिनं उचलला नाही.

त्रिवेणीताईंनी वाकून पाहिलं. "मावशी, तुमच्या दोघींत एक फरक राहिलाय."

आरशातल्या बाईच्या कपाळावर कुंकू होतं. वाकडं, भुवईकडे सरकलेलं. तिनं सगळं ऐकलं होतं, सगळं रडली होती, आणि कुंकू पुसलं नव्हतं.

"पूस की गं," मनकर्णाबाई हळू म्हणाल्या. "मी पुसलं. पुसायला लावलं सगळ्यांनी."

तिनं मान हलवली.

"हट्टी हाय," सिताराम म्हणाला.

"एकीला तरी बदलावं लागेल," त्रिवेणीताई म्हणाल्या. "बिंबच बदललं पाहिजे असा काही नियम नाही."

वीरुपाक्षप्पा म्हणाले, "मी तर असं अजून बघितलं न्हाई." आणि मग स्वतःच उठले. परातींच्या पूजेसाठी ठेवलेली कुंकवाची वाटी त्यांनी मनकर्णाबाईंपुढे आणून ठेवली.

मनकर्णाबाईंनी वाटी जवळ ओढली. मग त्यांनी बोट बुडवलं आणि कपाळाच्या मध्यावर नेलं. आरशातल्या बाईनं पुन्हा मान हलवली. मनकर्णाबाईंना हसू आलं. त्यांनी बोट सरकवलं, आणखी थोडं सरकवलं, आणि तेवढ्यात त्यांना दिसलं की आरशातही एक बोट सरकत आहे, अगदी त्याच वेळी. त्यांनी हात खाली घेतला, तिनंही घेतला. त्यांनी जीभ बाहेर काढून पाहिली. तिनंही काढली. पन्नाशी उलटलेली बाई पुढचा तासभर आरशापुढे तोंडं वेडावत बसली होती, आणि अकादमीतल्या कुणीही तिला थांबवलं नाही.

लग्नाच्या दिवशी पाथरीच्या मंगल कार्यालयात त्या कुंकू लावूनच उतरल्या. कमलबाई दारातच उभी होती. तिनं पाहिलं आणि तिच्या हातातलं ताट थांबलं.

"आक्का," ती हलकेच म्हणाली, "कपाळ..."

"आरशातली पुसंना. मी काय करू?" मनकर्णाबाईंनी आरसा तिच्यापुढे धरला आणि तिच्या खांद्याशी खांदा लावून उभ्या राहिल्या. काचेत दोन जावा दिसल्या. कमलबाई आधी स्वतःकडे बघत राहिली, मग जावेकडे.

"आन वाकडं हाय की."

"तुझ्या भाऊजींनी असंच लावलं रोज. तुमी कुणी सांगितलं का न्हाई मला?"

"आमाला वाटायचं तुमाला तसंच आवडतंय."

मागं बायकांची कुजबुज सुरू झाली होती. कमलबाईनं वळून पाहिलं. सूनमुखासाठी ताटात ठेवलेला स्वतःचा नवा आरसा तिनं पिशवीत परत ठेवला. "आरशाला पटलंय," ती बायकांना म्हणाली, "तुमचं काय जातंय? पाट मांडा."

अक्षता पडल्या. पाट मांडला गेला. एका अंगाला राम, एका अंगाला राजेश्री, मध्ये मनकर्णाबाई. फोटोवाला गुडघे टेकून बसला. मनकर्णाबाईंनी आरसा उचलला. काचेत दोन तोंडं शेजारी शेजारी आली.

आणि मनकर्णाबाई बघतच राहिल्या. कानाची पाळी आपल्या आईसारखी आहे, हे त्यांना आजवर ठाऊक नव्हतं. हिरव्या पदराशेजारी आपला रंग कसा दिसतो, माणसांच्या गर्दीत आपण किती उंच दिसतो, हसलो की कुठला दात पुढे येतो, ते सगळं त्यांनी एकेक करून पाहिलं. पदर जरा सारखा केला. मान इकडे वळवली, तिकडे वळवली. फोटोवाल्याचे गुडघे दुखू लागले. भटजींनी घड्याळात पाहिलं. राम खाली मान घालून हसू दाबत होता.

शेवटी राजेश्री पापण्याही न उचलता पुटपुटली, "आई, तुमचं झालं असंल तर जरा माझ्याकडं बी बघा."

"थांब गं," मनकर्णाबाई आरशावरची नजर न काढता म्हणाल्या. "तू तर आता रोजच दिसणार हायस."